बाकी सगळं: कांता इंगोले

कांताताई इंगोले यांची आणि माझी पहिली ओळख झाली, ती त्यांनी माझा लाऊडस्पीकर बंद करायला लावला त्या दिवशी. आखाडा बाळापूरला एक लग्न होतं. मंडप माझा, भोंगे माझे. सकाळपासून सनई, मग गाणी, मग आहेर करणाऱ्यांची नावं असा माझा कारखाना जोरात सुरू होता. तेवढ्यात खांद्यावर कॅमेरा अडकवलेल्या आणि कमरेला पदर खोचलेल्या एक बाई माझ्या टेबलापाशी आल्या आणि म्हणाल्या, "भाऊ, एक मिनिट बंद करता का?"

"काहून? काय झालं?" मी घाबरलोच.

"काई झालं न्हाई. मावशी नवरीच्या वेणीत फुलं माळून राहिली. मला त्याचा आवाज पाह्यजे."

फुलं माळण्याचा आवाज! लग्नाच्या मंडपात लाऊडस्पीकरवाल्याला कुणी अधिक मोठ्यानं लाव म्हणतं, कुणी आपलं नाव पुन्हा घे म्हणतं; बंद कर म्हणणारं माणूस मी पहिल्यांदाच पाहत होतो. रागारागातच मी बटण दाबलं. आणि मग मंडपात जे ऐकू आलं ते मी इतक्या वर्षांत कधी ऐकलं नव्हतं. मावशीच्या काचेच्या बांगड्या, वर कडुलिंबाच्या पानांची सळसळ, कुणीतरी पत्रावळ्या सोडवत होतं ती करकर, आणि नवरीनं हळूच नाक ओढलं तेही. एक मिनिट झालं. ताईंनी हात जोडून मला नमस्कार केला आणि गर्दीत निघून गेल्या. मी भोंगे पुन्हा लावायला विसरलो, म्हणून नवरीच्या वडिलांनी मला चार शब्द सुनावले.

आज ताईंच्या साठीनिमित्त हा गौरवग्रंथ निघत आहे आणि संपादक मंडळानं मला 'ज्येष्ठ ध्वनिमुद्रक' म्हणून लिहायला सांगितलं आहे. माझ्या दुकानावर आजही 'शेषराव मंडप व लाऊडस्पीकर' अशीच पाटी आहे, हे मंडळानं ध्यानात घ्यावं. त्या लग्नानंतर आपल्या चित्रपटांचा आवाज भरायला बोलावून ध्वनिमुद्रक मला ताईंनी केलं. त्यांनी या जिल्ह्यात अशी बरीच माणसं काही ना काही करून ठेवली आहेत.

ताईंचं माहेर सेनगाव तालुक्यातलं. आईवडील दुसऱ्यांच्या रानात कापूस वेचायला, सोयाबीन कापायला जात. लग्नानंतर ताई बाळापूरला आल्या आणि बसस्थानकाजवळच्या एका फोटो स्टुडिओत पासपोर्टच्या फोटोंवरचे डाग काढण्याचं काम करू लागल्या. पुढे स्वतःचा कॅमेरा घेतला. पुरुष कॅमेरावाल्यासमोर ज्या घरच्या बायका संकोचत, त्या ताईंनाच बोलवा म्हणून हट्ट धरत. अशी शेकडो लग्नं त्यांनी टिपली. लग्न म्हटलं की पत्रिका आली, आणि पत्रिकेची मागची बाजू कोरी असते. ताईंच्या सगळ्या चित्रपटकथा त्या कोऱ्या बाजूंवर लिहिलेल्या आहेत. एकदा कथा वाचता वाचता मी पान उलटलं, तर पुढे माझ्याच भाच्याच्या लग्नाचा मुहूर्त निघाला.

त्यांचे पहिले छोटे चित्रपट वस्तीतल्या विहारात भिंतीवर दाखवले गेले. पांढऱ्या भिंतीवर आपलीच गल्ली, आपलाच हौद, आपलीच शेळी पाहून माणसं आधी हसत आणि मग गप्प होत. ही गप्प होण्याची वेळ ताई मागच्या कोपऱ्यात उभ्या राहून पाहत. त्यांचा चेहरा तेव्हा झोपेतल्या लेकरासारखा निवांत दिसे.

चित्रपट काढायला किती माणसं लागतात ते मोठ्या शहरातल्या लोकांना माहीत. आमच्याकडे ताई लागतात. कथा त्यांची, कॅमेरा त्यांचा, कपडे त्यांनी शिवलेले, तोंडाला पावडर त्यांनी लावलेली, दुपारचं पिठलं-भाकरीही त्यांच्याच हातची. रात पडायच्या आत घरी पोचून घरचं सगळं करणार त्याही त्याच. नट कमी पडले की त्या स्वतः उभ्या राहत, पण कॅमेऱ्याकडे पाठ करून. एका चित्रपटात त्यांची पाठ आधी हंडा घेऊन जाते, मग कापूस वेचते आणि थोड्या वेळानं बाजारात मिरच्याही निवडते. हे फक्त एका प्रेक्षक बाईंनी ओळखलं, तेही कोपरावरून. चित्रपटाच्या शेवटी नावं येतात, तिथे ताईंनी सुरुवातीपासून एकच ओळ ठेवली आहे. नटांची नावं होतात, मग 'आवाज: शेषराव' येतं, आणि खाली 'बाकी सगळं: कांता इंगोले'.

या ओळीचा पूर्ण अर्थ मला फार उशिरा कळला. तो सांगण्यासाठीच मी आज लेखणी हातात घेतली आहे.

त्याआधी ताईंच्या एका पद्धतीबद्दल सांगायला हवं. कुठल्याही ठिकाणचं काम संपलं की ताई हात वर करतात आणि म्हणतात, "आता जागेचं मिनिट." म्हणजे सगळ्यांनी होतं तिथं, होतं तसं एक मिनिट गप्प उभं राहायचं, आणि त्या जागेचा नुसता आवाज भरून घ्यायचा. धंद्यातले लोक म्हणतील, चित्रपटाच्या जोडकामाला, म्हणजे एडिटिंगला, तो लागतोच. ताईंचं म्हणणं वेगळं. "जागा आपल्याला दिवसभर काम करू देती. जाताना जरा तिचं बी आयकावं." मला हा प्रकार पटत नसे. ज्यात काही नाही त्यासाठी मी माझ्या रेकॉर्डिंगच्या यंत्राची बॅटरी का जाळू? म्हणून ताईंनी एक तळहाताएवढा जुना रेकॉर्डर मिळवला आणि जागेची मिनिटं त्या स्वतःच भरू लागल्या. ती मिनिटं भरलेल्या छोट्या कॅसेटी गावांची नावं घालून एका स्टीलच्या डब्यात जपलेल्या असत. "ताई, तुमच्या डब्यात नुसतं काहीच नाही साठवलंय," असं मी त्यांना चिडवत असे. दुसरा नियम त्याहून साधा होता. भरलेलं काहीही पुसायचं नाही.

'सेनगावची गाडी' हा ताईंचा पहिला मोठा चित्रपट. एक म्हातारा रोज गावच्या फाट्यावर येऊन बसतो. सेनगावची एसटी येते, जाते, म्हातारा काही चढत नाही. एवढीच गोष्ट. म्हाताऱ्याचं काम केलं त्याच फाट्याजवळ शेत असलेल्या धोंडबा मामांनी. कॅमेऱ्याची त्यांना भीती नव्हती, त्यांना तकलीफ एकच होती: गप्प बसवत नसे. जागेच्या मिनिटात तर हमखास त्यांना खोकला येई, काहीतरी आठवे, कुणाला तरी हाक मारावीशी वाटे. ताई हात वर धरून नुसत्या त्यांच्याकडे पाहत राहायच्या. मी कपाळाला हात लावायचो.

एके दिवशी एसटीत चढणारी बाई म्हणून ताईंनाच चढायचं होतं. कॅमेरा तीन पायांच्या तिकाटण्यावर चालू ठेवून, मला "बंद करू नका" एवढं सांगून त्या रस्त्यावर गेल्या. चढून दोन पावलांवर उतरायचं असं ठरलं होतं. पण गाडी खरी, कंडक्टर खरा, त्यानं घंटी मारली आणि ताई गेल्या सेनगावला! फाट्यावर मी आणि धोंडबा मामा. तुरीच्या शेंगा वाऱ्यावर खुळखुळत होत्या, डांबरावर ऊन पाण्यासारखं हलत होतं, लांब कुठेतरी एक जीप दिसे आणि आमच्यापर्यंत पोचायच्या आत दुसऱ्याच रस्त्याला लागे. मामा आपण नट आहोत हे विसरून गेले. पुन्हा पुन्हा उठून रस्त्याकडे पाहत. तासाभरानं ताई जीपनं परत आल्या आणि उतरता उतरता म्हणाल्या, "कॅमेरा बंद केला न्हाई ना?" तो तास म्हणजे त्या चित्रपटाचा प्राण आहे. मामा त्यात खरोखर कुणाची तरी वाट पाहत आहेत. दुपारी माझा जरा डोळा लागला की मला आजही तो फाटा दिसतो, आणि मला अगदी खात्री वाटते की गाडी आता येणारच.

आता माझ्या चुकीविषयी. फाट्यावरचा वारा आणि जीपगाड्यांचे भोंगे यांनी मामांच्या बोलण्याची पार दशा केली होती. ताईंच्या कॅमेऱ्याचा स्वतःचा माइक एका लग्नात हळदीचं पाणी आत जाऊन कायमचा बसलेला, त्यामुळे आवाज काय तो माझ्या यंत्रात. मी लाऊडस्पीकरवाला माणूस. खरखर म्हणजे घाण, आणि घाण काढून टाकायची, एवढंच मला शिकवलेलं. मामांना नंतर ताईंच्या घरी बोलावू, मागच्या खोलीत गोधड्या लावून सगळं बोलणं पुन्हा स्वच्छ भरून घेऊ, असा विचार करून मी त्यांचा सगळा आवाज पुसून टाकला. ताईंना विचारलं नाही. आठ-पंधरा दिवसांत मामा आजारी पडले आणि गेले.

ताईंना मी हे सांगितलं तेव्हा त्या भाकरी थापत होत्या. रागावल्या असत्या तर मला बरं वाटलं असतं. "पुसलं ते पुसलं," एवढंच म्हणाल्या आणि भाकरी तव्यावर टाकली. मग मामांचं सगळं बोलणं मी माझ्या आवाजात भरलं. जमेल तेवढा म्हातारा झालो. ते ठीक झालं असं मला वाटत होतं. एका मोठ्या शहरातल्या महोत्सवानं तो चित्रपट निवडलाही होता. ताईंच्या आयुष्यातली ती पहिली मोठी निवड.

ताईंचा शिरस्ता असा की चित्रपट आधी जिथे काढला तिथल्या माणसांनी पाहायचा. भर दुपारी शाळेच्या वर्गात खिडक्यांना घोंगड्या बांधून आम्ही तो दाखवला. पुढे सतरंजीवर धोंडबा मामांच्या पत्नी गयाबाई बसल्या होत्या. मामा पडद्यावर आले तेव्हा त्यांनी पदर डोक्यावरून पुढे ओढून घेतला. मग मामा बोलले, म्हणजे मी बोललो. गयाबाई वळून पाहू लागल्या. चित्रपट संपल्यावर त्या ताईंजवळ आल्या.

"मानूस तर आमचाच हाय, बाई. पर बोलून कोन राहिलं?"

वर्गात दोघंतिघं हसले.

"त्यायचा आवाज कुठं गेला? घरात त्यायचा फोटो हाय, आवाज कुठंच न्हाई. मला वाटलं, आज आयकाया भेटंल."

मी दाराशी वायर गुंडाळत होतो. पुढे होऊन बोलायला हवं होतं, पण मी वायरच गुंडाळत राहिलो. तेवढ्यात ताई म्हणाल्या, "माझ्या हातून गेला, मावशी. चूक माझी हाय."

गयाबाई त्यांच्याकडे नुसतं बघून निघून गेल्या. गावातली माणसं मात्र बोलली, आणि ते सगळं ताईंनी खाली मान घालून ऐकून घेतलं. परतताना जीपमध्ये मी म्हणालो, "ताई, तुमी काहून आपल्या अंगावर घेतलं? केलं तर मी होतं."

"पडद्यावर काय लिवलंय, भाऊ? बाकी सगळं माझं. मंग हे बी त्यातच आलं."

ही गोष्ट ताईंनी आजवर कुणाला सांगितली नाही. मीही सांगितली नाही. त्यांनी चांगुलपणानं सांगितली नाही, मी भीतीनं. त्या गावात कित्येकांना अजूनही वाटतं की मामांचा आवाज कांताताईंनी घालवला. हा ग्रंथ त्या गावच्या शाळेतही जाणार आहे असं मला कळलं आहे, म्हणून इथे स्पष्ट लिहितो: तो आवाज मी, शेषरावानं, पुसला.

शाळेत चित्रपट दाखवला त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी ताईंनी स्टीलचा डबा माझ्यासमोर ठेवला. "पुसलं त्याचं काय करावं? जे ऱ्हायलं ते आयकू." मी त्यांची जागेची मिनिटं पहिल्यांदाच कानाला लावली. आधी नुसता वारा. तुरीच्या शेंगा. लांबवर कुणाच्या तरी बैलाच्या गळ्यातली घंटा. मला वाटलं, काही हाती लागत नाही. आणि मग अगदी कानाशी एक खोकला आला. घसा खाकरला गेला. आणि बारीक आवाजात, आपण काहीतरी गैर करतो आहोत हे माहीत असल्यासारखं, मामांनी विचारलं, "झालं का?"

मी रडलो हे लिहायला मला लाज वाटत नाही. ताईही रडल्या आणि रडता रडता हसत होत्या. ज्या मिनिटांना मी वाया गेलेली म्हणत होतो, मामांनी ती एकेक करून बिघडवून ठेवली होती, आणि ताईंनी त्यांतलं एकही टाकून दिलं नव्हतं.

त्याच आठवड्यात आम्ही गयाबाईंच्या घरी गेलो. दुपारची वेळ होती. मी माझा सगळ्यात लहान स्पीकर नेला होता आणि तो ओट्यावर ठेवून आवाज अगदी कमी केला. त्या घरात माणूस जेवढ्या आवाजात बोलत असेल तेवढाच. वारा वाहू लागला. मामा म्हणाले, "ह्या कावळ्याला कोन सांगंल गप बस म्हनून?" गयाबाई स्पीकरकडे पाहत राहिल्या. पुढच्या मिनिटात मामा म्हणाले, "आमची म्हातारी डबा घेऊन येऊन राहिली, ते पाहा. उन्हात अनवानी. आयकतच न्हाई बाई."

"व्हय," गयाबाई म्हणाल्या. "त्या दिवशी चप्पल तुटली होती माझी." हे त्या आम्हाला सांगत नव्हत्या.

मग बराच वेळ नुसत्या शेंगा वाजत राहिल्या. ओट्यावरची सावली कणाकणानं सरकत होती. आम्ही तिघं आणि ते, असे चौघं बसलो आहोत असंच मला त्या दुपारी वाटत होतं. शेवटी मामांनी विचारलं, "झालं का?"

गयाबाईंनी पदरानं तोंड पुसलं आणि नेहमीच्या सुरात उत्तर दिलं, "न्हाई झालं अजून. बसा."

घरी परतल्यावर ताई पुन्हा कामाला बसल्या. मी भरलेलं मामांचं सगळं बोलणं त्यांनी चित्रपटातून काढून टाकलं. आता त्या चित्रपटात म्हातारा फक्त बसतो, रस्त्याकडे पाहतो आणि अगदी शेवटी एकदाच विचारतो, "झालं का?" माझा इतका मेहनतीनं काढलेला म्हातारा आवाज गेला, याचं मला अजूनही थोडं वाईट वाटतं, हे नमूद करतो. महोत्सवानं मात्र कळवलं की निवडला तोच चित्रपट हवा. ताईंनी एक साधं पत्र लिहिलं: तो चित्रपट आता नाही, क्षमा असावी. पत्र पोस्टात टाकून आल्या आणि संध्याकाळी एका साखरपुड्याच्या शूटिंगला गेल्या. मी त्यांना म्हणालो, पुन्हा अशी संधी कधी यायची? "गयाबाई दुसऱ्यांदा पाहाया येणार हायेत," त्या म्हणाल्या. गयाबाई आल्या. त्याच वर्गात, त्याच सतरंजीवर बसल्या, आणि या वेळी त्यांनी वळून पाहिलं नाही.

पुढे हा चित्रपट गावोगावी दाखवला गेला, दूरदूरच्या माणसांनी पाहिला. जाणकार ताईंना विचारतात, म्हातारा कुणाची वाट पाहत होता? ताई अगदी गंभीरपणे सांगतात, "ते मामाला इचारायचं ऱ्हायलं." मला ठाऊक आहे, पत्रिकांच्या पाठीवर सगळं लिहिलेलं होतं.

आज ताईंचे गुडघे दुखतात. डाव्या डोळ्याचं ऑपरेशन झालं आहे. तिकाटणं उचलताना त्या "आई गं" म्हणतात आणि कुणी पुढे आलं तर त्याला परत पाठवतात. तरी हळद शिजवणाऱ्या बायकांवरचा नवा चित्रपट सुरू आहे. गेल्या आठवड्यात काम संपल्यावर त्यांनी नेहमीसारखा हात वर केला. वाफेत उभ्या असलेल्या बायका, चुलीतली राख, मी, सगळं थांबलं. आता जागेच्या मिनिटाला माझंही यंत्र चालू असतं, आणि बॅटरीबद्दल मी काही बोलत नाही. वर धरलेला तो हात थोडा थरथरत होता, पण खाली आला नाही.

ताईंच्या त्या हाताला बळ मिळो. त्यांचे गुडघे शाबूत राहोत, दोन्ही डोळ्यांना नीट दिसो आणि कान आहेत तसेच राहोत. घरी, वस्तीत, फाट्यावर त्यांना उदंड आयुष्य लाभो. साठी झाली म्हणून लोक आता त्यांना शाल देतील, हार घालतील, आणि त्यातला कुणीतरी आपुलकीनंच विचारील की ताई, पुष्कळ केलंत, झालं का आता? त्यांना उत्तर द्यायची तसदी ताईंनी घेऊ नये. आम्हा सगळ्यांच्या वतीनं गयाबाईंनी ते कधीच देऊन ठेवलं आहे.

न्हाई झालं अजून. बसा.